तुझ्या बसमधला प्रवासी

वेलिंग्टन, ६ मे २०१८

श्रिया,

नावाआधी चि. लिहावं की नाही, यात दहा मिनिटं गेली. शेवटी नुसतं नाव लिहिलं.

मराठीत लिहितोय. इंग्लिशमध्ये मी ऑफिसातल्यासारखं लिहितो, ‘झालेल्या गैरसोयीबद्दल दिलगीर आहोत’ असली वाक्यं आपोआप हातातून उतरतात. तीस वर्षं सरकारी सिस्टिम्स सांभाळल्याचा परिणाम. तुला वाचायला वेळ लागेल, जोडाक्षरं अडतील. अडू देत. तेवढा वेळ तरी पत्र तुझ्या हातात राहील.

आता मुद्द्याचं. चोवीस एप्रिलला माद्रिदहून निघालेल्या तुझ्या टोलेडो-सेगोव्हिया ट्रिपमध्ये राखाडी टोपी घातलेला तो म्हातारा मीच होतो, हे तुला सांगायला नको. सांगायचं हे आहे की मी टोलेडो बघायला आलोच नव्हतो. चार वर्षं तू माझ्याशी एक शब्द बोललेली नाहीस. तू बोलावंस म्हणून आलो होतो. आधी फोन केला असता तर तू नको म्हणाली असतीस. तिकीट काढून आलेल्या माणसाला कोणी नको म्हणत नाही, असा मी विचार केला. ऑनलाइन बुकिंग केलं आणि ‘गाइड’च्या रकान्यात तुझं नाव असलेलाच दिवस निवडला.

आईला म्हटलं चल. ती म्हणाली, “मी नाही येत. मी मध्ये असले की तुम्ही दोघं माझ्याशीच बोलता.” वर म्हणाली, “आणि हे असलं लपूनछपून जाऊ नकोस हरीश, तिला आधी कळव.” ऐकलं नाही. आयुष्यात तिचं ऐकून कधी नुकसान झालेलं नाही, तरी ऐकत नाही.

सकाळी पावणेआठला तू हातात यादी घेऊन नावं वाचत होतीस. “खांबेटे, वन,” म्हणालीस आणि वर बघितलंस. चेहऱ्यावरची रेघसुद्धा हलली नाही. “गुड मॉर्निंग, सर. एनी सीट यू लाइक.” मी मागून तिसऱ्या रांगेत जाऊन बसलो. विमानात तीस तास जे वाक्य पाठ करत आलो होतो, ते खिडकीपाशी बसल्यावर आठवलं.

मग तू सगळ्यांना ते कानात घालायचं यंत्र दिलंस. तू पुढे हळू बोलायचं आणि मागच्या माणसालाही स्वच्छ ऐकू यायचं. छान सोय आहे. पण माझी काय अवस्था झाली असेल याची तुला कल्पना नाही. चार वर्षांनी तुझा आवाज दिवसभर माझ्या कानात होता आणि तो माझ्याशी बोलत नव्हता.

तू फार सुंदर सांगतेस, श्रिया. नदीनं तिन्ही बाजूंनी वेढलेलं ते गाव, एका गल्लीत सिनेगॉग, दुसऱ्या गल्लीत मशिदीचं झालेलं चर्च, आणि तू कुठेही कागद न बघता सांगत होतीस. कॅथीड्रलमध्ये मी खांब मोजत बसलो, कारण तुझ्याकडे बघवेना. दोन सूचना आहेत. एक, चढावर तू फार भरभर चालतेस, साठीच्या पुढच्या लोकांना दम लागतो. दोन, दगडी पायऱ्या निसरड्या आहेत हे पायऱ्या उतरायच्या आधी सांगावं, मध्ये नव्हे.

सेगोव्हियात त्या रोमन पाणपुलाखाली मी हात वर करून प्रश्न विचारला, आठवतं? चुना-सिमेंट काही नाही तर कमानी इतकी शतकं उभ्या कशा. उत्तर मला माहीत होतं. मी इंजिनीअर आहे. तू माझ्याकडे बघून उत्तर द्यावंस म्हणून विचारला. दिलंस. अगदी बरोबर दिलंस, आणि “गुड क्वेश्चन, सर” म्हणालीस.

संध्याकाळी बसमधून उतरताना सगळे तुझा हात हातात घेऊन काही ना काही बोलत होते. माझी पाळी आली आणि मी म्हणालो, “थँक यू. व्हेरी इन्फर्मेटिव्ह.” पोटच्या पोरीला. इंग्लिशमध्ये.

दुपारी जेवणाच्या टेबलावर ठाण्याच्या त्या जोडप्याशी थोडं बोलणं झालं, त्यातलं तू काही ऐकलं असशील-नसशील. त्याबद्दल पुन्हा कधीतरी.

इथे थंडी सुरू झालीय. वारा नेहमीचाच. आई बरी आहे.

बाबा

वेलिंग्टन, २७ मे २०१८

श्रिया,

उत्तर नाही. अपेक्षाही नव्हती, पण पोस्टाची पेटी रोज दोनदा उघडतो.

आईनं माझं पहिलं पत्र पाठवायच्या आधी वाचलं होतं, हे मला काल कळलं. म्हणाली, “पायऱ्या निसरड्या आहेत हे लिहिलंस आणि चौदा साली काय केलंस ते नाही लिहिलंस? धन्य आहे तुझी.” तर आज ते.

तुझ्याकडून ते कसं दिसलं हे मला माहीत आहे. माझ्याकडून कसं घडत गेलं ते तुला कधी सांगितलं नाही. तू अकरा साली डनीडिनचं हेल्थ सायन्स, मेडिकलच्या आधीचं ते वर्ष, सोडलंस. मी किती बोललो ते आठवत असेलच, ते पुन्हा लिहीत नाही. तू स्पेनला गेलीस. इथे आपल्या मराठी मंडळात सगळे विचारायला लागले. मी म्हणालो, “स्पेनला शिकायला गेलीय.” यात खोटं काही नव्हतं, तू स्पॅनिश शिकायलाच गेली होतीस. लोकांना वाटलं मेडिकल. कुणीतरी म्हणालं, “वा, तिकडे ॲडमिशन मिळते का?” आणि मी म्हणालो, “मिळाली.” एवढंच. एक शब्द.

पुढच्या वर्षी विचारलं, आता कितवं वर्ष? मी म्हणालो दुसरं. तू तिथे ट्रॅव्हल कंपनीत फोन उचलत होतीस आणि मी इथे तुला दरवर्षी न चुकता पास करत होतो.

मग चौदाच्या गणपतीला तू न सांगता आलीस, सरप्राइज द्यायला. जॉन्सनव्हिलच्या हॉलमध्ये प्रसादाच्या रांगेत उभी होतीस, आईची जांभळी साडी नेसून. आणि पुरुषोत्तमकाका हातात प्लॅस्टिकची फाइल घेऊन तुझ्याकडे आले. लोअर हटला मुलाकडे राहणारा तो भला माणूस, त्यांनी तुझ्यासाठी हार्टचे सगळे रिपोर्ट गाडीतून आणले होते. “डॉक्टरीणबाई, जरा नजर टाका. इथले लोक नीट सांगत नाहीत.”

तू हसलीस. तुला वाटलं, काका दुसऱ्या कुणाची तरी मुलगी समजताहेत. “काका, मी डॉक्टर नाहीये. मी टूर गाइड आहे. लोकांना चर्चेस दाखवते.”

रांगेतले सगळे माझ्याकडे बघायला लागले. तूही. त्या वेळी मी खरं बोललो असतो तर दोन मिनिटं लाज वाटली असती आणि प्रकरण संपलं असतं. मी हसलो आणि म्हणालो, “थट्टा करतेय हो. पहिल्यापासून खोडकर.”

तुझा चेहरा मला अजून दिसतो. तू फाइल हातात घेतलीस, पहिलं पान उघडून बघितलंस, आणि काकांना म्हणालीस, “तुमच्या डॉक्टरांना भेटा हं काका, ते सांगतील तसंच करा.” माझं खोटं तू भर हॉलमध्ये निभावून नेलंस. घरी येऊन बॅग भरलीस. दारात म्हणालीस, “बाबा, यू आर अशेम्ड ऑफ मी.” मी म्हणालो, “आवाज कमी कर, शेजारी ऐकतील.”

हे वाक्य लिहिताना मला आत्ता घाम आला. बाहेर आठ डिग्री आहे.

बाबा

वेलिंग्टन, ८ जुलै २०१८

श्रिया,

जेवणाच्या टेबलाबद्दल पुन्हा कधीतरी लिहीन म्हटलं होतं. दोन महिने ‘पुन्हा कधीतरी’ करतोय.

ठाण्याचे सुरेशराव आणि त्यांच्या पत्नी विभावरीबाई. बसमध्ये मराठी ऐकलं आणि त्यांनी मला पकडलंच. टोलेडोच्या त्या हॉटेलात आम्ही एका टेबलावर. सगळ्यांना बटाटे घातलेलं ते अंड्याचं जाड आम्लेट आलं. मी अंडं खात नाही, पण बुकिंगच्या फॉर्मवर तसं लिहायला जागाच नव्हती. म्हटलं, पाव खाऊ. विभावरीबाई तुझ्याकडे बघून म्हणाल्या, “गोड आहे हो मुलगी. आपल्याकडचीच दिसते. पण असं दिवसभर झेंडा घेऊन लोकांना फिरवायचं म्हणजे... आईबापांना काय वाटत असेल?” आणि मग ओघात मला विचारलं, “तुम्हाला काय मुलंबाळं?”

श्रिया, मी जवळजवळ वीस हजार किलोमीटर हे एकच उत्तर देण्यासाठी आलो होतो. नकाशात बघून ठेवलं होतं, वेलिंग्टनहून याहून लांब जागाच नाही. आणखी पुढे गेलं की परत जवळ यायला लागतं. एवढ्या लांब येऊन मी म्हणालो, “एकच मुलगी. डॉक्टर आहे.”

विचार करून नाही म्हणालो. सवयीनं तोंडातून गेलं, कुणी पत्ता विचारल्यावर जुन्या घराचा पत्ता निघून जावा तसं. आणि त्याच क्षणी माझ्या खांद्यावरून एक प्लेट खाली आली. वाफाळलेल्या भाज्या, बटाटे, बाजूला लिंबाची फोड. तू म्हणालीस, “नो एग, सर. आय टोल्ड द किचन.”

तू ऐकलंस. ऐकलं नसशील असं मी पहिल्या पत्रात लिहिलं ते स्वतःची समजूत घालायला. तुझा हात प्लेटवरून निघायला एक क्षण जास्त लागला, तेवढ्यावरून कळलं मला. सुरेशराव म्हणाले, “वा, तुमच्यावर स्पेशल मेहरबानी!” मी ती सगळी प्लेट खाल्ली. कशी खाल्ली ते मला विचारू नकोस.

माद्रिदला हॉटेलवर परतल्यावर लक्षात आलं की अंड्याचं तू किचनला आधीच सांगितलं असणार, आणि सकाळी माझं नाव वाचताना तुझा चेहरा हलला नाही तो उगाच नाही. म्हणजे यादीतलं नाव तू आदल्या दिवशीच बघितलं होतंस. दुसऱ्या गाइडला ती ट्रिप देऊन घरी बसता आलं असतं तुला. बसली नाहीस. तू मला एक संधी दिली होतीस आणि मी ती भाजीबरोबर गिळून टाकली.

तू दारात म्हणालीस ती एक गोष्ट मात्र चुकीची आहे, ती दुरुस्त करतो. मला तुझी लाज वाटत नव्हती. त्या दिवशी तू बोलत होतीस तेव्हा मला शेजारच्या जर्मन माणसाला कोपर मारून सांगावंसं वाटत होतं की ही माझी आहे. मला लाज वाटते ती लोक ‘अरेरे’ म्हणतील त्याची. हरीश खांबेटेची मुलगी शिक्षण सोडून गेली, अरेरे. ते ‘अरेरे’ ऐकायला लागू नये म्हणून मी तुला सात वर्षं डॉक्टर ठेवलं. गेल्या वर्षी तर स्पेशालिस्ट केलं, त्वचारोगाची. त्यात रात्रपाळी नसते म्हणून. खोट्यातसुद्धा तुझ्या झोपेची काळजी घेतली, हे आईला सांगितलं तर ती इतकी हसली की नंतर रडली.

गणपतीला मी सगळ्यांसमोर खरं सांगणार आहे. तुला खूश करायला नाही. कुणी ‘काय म्हणते श्रिया’ विचारलं की मला नवं काहीतरी रचावं लागतं, ते आता सहन होत नाही.

बाबा

वेलिंग्टन, १७ सप्टेंबर २०१८

श्रिया,

काल सांगितलं.

हॉल तोच. आरती झाली, मंत्रपुष्पांजली झाली, आणि जेवणाआधीच्या सूचना द्यायला माइक माझ्याकडे होता, कारण यंदा मी सेक्रेटरी. आईनं लांबून भुवया उंचावल्या. मी म्हणालो, “दोन सूचना. पहिली, पांढरी माझदा कुणाची असेल त्यांनी ती गेटसमोरून काढावी. दुसरी, माझी मुलगी श्रिया डॉक्टर नाही. कधीच नव्हती. मी तुम्हाला सात वर्षं खोटं सांगितलं. ती माद्रिदमध्ये टूर गाइड आहे, एप्रिलमध्ये मी स्वतः तिच्या ट्रिपला जाऊन आलोय, आणि एवढं चांगलं काम करणारं माणूस मी आमच्या डिपार्टमेंटमध्ये बघितलेलं नाही.”

दीडशे माणसं. मी त्या ‘अरेरे’ची वाट बघत उभा.

मागून मंडळातला नितीश ओरडला, “हो काका, एक नंबर असते ट्रिप! ती सैतानानं एका रात्रीत पूल बांधल्याची गोष्ट सांगते ना?” त्याची बायको त्याला चिमटा काढत होती. कुणीतरी हसलं, मग सगळेच हसले. श्रिया, सगळेच. मला काही कळेना. मी माइक तसाच हातात धरून विचारलं, “तू कधी गेला होतास?” तर म्हणे, “हनीमूनला. सोळा साली.”

पुरुषोत्तमकाका मला हाताला धरून बाहेर घेऊन गेले, जिथे चपला काढतात तिथे. वारा इतका की ते काय बोलतात ऐकायला कान जवळ न्यावा लागला. म्हणाले, “हरीश, आम्हाला त्या दिवशीच कळलं होतं. पोरीचा चेहरा बघितला होता मी. पुढच्या उन्हाळ्यात मुलानं युरोप दाखवायला नेलं, तेव्हा मीच हट्ट केला की तिच्याच बसनं जायचं. माफी मागायची होती मला, फाइल घेऊन गेलो म्हणून.” मग तिथून कळत कळत मंडळातली सात घरं तुझ्या ट्रिपला जाऊन आली. काका म्हणाले, तू हिला चढावर हात धरून नेलंस. हिला म्हणजे काकूंना. आणि चढ संपल्यावर तू त्यांना एकच गोष्ट मागितलीस.

“काका, तुम्हाला कळलंय हे बाबांना कळू देऊ नका. ते विचारतील तेव्हा हो म्हणा. मंडळ सोडून त्यांना तिथे दुसरं कोणी नाही. ते यायचेच बंद होतील.”

हे तू दर वेळी, प्रत्येकाला सांगितलंस. म्हणजे मी जेव्हा त्या लोकांना सांगत होतो, “श्रिया ना, फार बिझी, सध्या स्किनचं करतेय,” तेव्हा ते सगळे माना डोलावत होते, कारण तू त्यांना डोलवायला सांगितलं होतंस. आईलाही माहीत होतं. सगळ्या वेलिंग्टनला माहीत होतं. चार वर्षं मला वाटत होतं की मी तुझ्यावाचून माझी अब्रू सांभाळतोय. ती तू सांभाळत होतीस. माझ्याशी न बोलता, जगाच्या दुसऱ्या टोकावरून, मी तुझ्या तोंडावर तुला नाकारल्यावरसुद्धा.

मी चपलांच्या त्या ढिगाशेजारी बसून रडलो. काका शेजारी बसून राहिले. आतून कुणीतरी ‘पंगत बसतेय’ म्हणून बोलवायला आलं तेव्हा म्हणाले, “येतो, जरा चप्पल सापडत नाहीये.”

माफी मागतो, श्रिया. हॉलमधल्या वाक्याची, दारातल्या वाक्याची, टोलेडोच्या टेबलाची. तिन्ही वेळा तू समोर होतीस आणि मी लोकांकडे बघत होतो.

आता शेवटचं. रविवारी सकाळी आठला तुझा आईला फोन येतो. मला माहीत नाही असं तुम्हा दोघींना वाटतं. मी पावणेआठला कोपऱ्यावरच्या डेअरीत दूध आणायला जातो आणि तासभर परत येत नाही. फ्रिजमध्ये दूध असतं. तुम्हाला मोकळं बोलता यावं म्हणून जातो, असं मी स्वतःला सांगतो. खरं म्हणजे, मी घरात असून तू मला फोनवर बोलावलं नाहीस तर काय, या भीतीनं जातो.

हे पत्र तुला पोचायला दोन आठवडे धर. सात ऑक्टोबरला रविवार आहे. त्या दिवशी मी बाहेर जाणार नाही. फोन मी उचलेन. माझा आवाज ऐकून तुला ठेवून द्यावासा वाटला तर दे. पुढच्या रविवारीही मीच उचलेन.

तुझा,
बाबा